दाढी-मिशी पांढरी का होते, आणि झाल्यावर काय करायचं

डोक्यावरचे केस काळेभोर असतात आणि हनुवटीवर किंवा मिशीच्या कोपऱ्यात मात्र पांढऱ्याचा ठिपका उमटतो. तिशी-पस्तिशीतल्या पुष्कळ पुरुषांत सुरुवात अशीच होते. मग कोणी चिमट्याने उपटतं, कोणी सलूनमध्ये बसल्याबसल्या कलप लावून घेतं, कोणी कांद्याचा रस चोळतं. यातल्या कशाने नुकसान होतं आणि कशाचा उपयोग होतो हे कळायला केस पांढरा कसा होतो ते आधी समजून घ्यावं लागतं. फार अवघड नाही ते.

केसाला स्वतःचा रंग नसतो. तो केराटिन या प्रथिनाचा पारदर्शक दोरा असतो. मुळाशी रंगपेशी असतात, त्या मेलॅनिन हे रंगद्रव्य तयार करतात आणि केस वाढत असतानाच ते त्याच्यात भरतात. केस गळून त्याच जागी नवा उगवतो तेव्हा रंगपेशींची नवी तुकडी लागते. ती मुळाजवळच्या राखीव साठ्यातून येते. हा साठा संपला, किंवा त्यातल्या पेशी जागेवरच अडकून राहिल्या, की पुढचा केस रंगाविना बाहेर येतो. आपल्याला तो पांढरा दिसतो. करडी दाढी म्हणजे काळ्या-पांढऱ्या केसांची सरमिसळ. करड्या रंगाचा वेगळा केस त्यात फारसा नसतो.

दाढीचा केस डोक्याच्या केसाइतकी वर्षं वाढत राहत नाही, त्याचं चक्र लवकर संपतं. चक्रं जास्त झाली की साठा लवकर वापरला जातो. दाढी डोक्याच्या आधी पिकण्याचं हे एक कारण मानलं जातं. प्रत्येक मुळाचा साठा वेगळा असल्यामुळे पांढरेपणा ठिपक्याठिपक्यांनी येतो. आणखी एक गोष्ट: पांढरा केस काळ्यापेक्षा थोडा भराभर वाढतो. कलप लावून आठवडा होत नाही तोच मुळाशी पांढरी रेघ दिसते, त्यात याचाही हात असतो.

कोणत्या वयात पांढरं व्हायचं हे मुख्यतः आनुवंशिक असतं. वडील, काका, मामा यांची दाढी कधी पिकली ते विचारलं तर आपला अंदाज बऱ्यापैकी येतो. ताणाचा संबंधही खोटा नाही. २०२० साली हार्वर्डच्या संशोधकांनी उंदरांवर दाखवलं, की तीव्र ताणात मज्जातंतूंमधून सुटणारं नॉरॲड्रिनलिन हे रसायन रंगपेशींचा राखीव साठा झपाट्याने संपवतं. बिडी-सिगारेट ओढणाऱ्यांत अकाली पांढरे केस जास्त आढळतात. वस्तरा फिरवल्याने मात्र दाढी पांढरी होत नाही. वस्तरा कातडीच्या वरचा मेलेला दांडा कापतो, मुळापर्यंत तो पोचतच नाही.

तपासणी कधी करायची

पंचविशीच्या आत पांढरे केस दिसू लागले तर भारतीय माणसात ते अकाली धरतात. अशा वेळी, किंवा कुठल्याही वयात दोन-चार महिन्यांत झपाट्याने पांढरं झालं तर, रक्ताच्या तपासण्या करून घ्या: हिमोग्लोबिन, बी-१२, फेरिटिन (शरीरातला लोहाचा साठा) आणि थायरॉइडसाठी टीएसएच. बी-१२ बहुतेक लॅबमध्ये पिकोग्रॅम प्रति मिलिलिटरमध्ये लिहितात. २०० च्या खाली असेल तर कमतरता, २०० ते ३०० च्या दरम्यान असेल तर काठावर.

बी-१२ वर जरा थांबायला हवं, कारण आपल्याकडे शाकाहारी घरं भरपूर आहेत. कळण्याची भाकरी, भरीत, डाळगंडोरी, शेवभाजी यांत ताकद आहे, पण बी-१२ जवळजवळ नाही. ते मिळतं दूध, दही, पनीर, अंडी, मासे आणि मटणातून. चहातल्या दोन चमचे दुधावर भागत नाही. मधुमेहासाठी वर्षानुवर्षं मेटफॉर्मिन घेणाऱ्यांना आणि ॲसिडिटीच्या गोळ्या रोज खाणाऱ्यांनाही हे जीवनसत्त्व कमी पडतं. तळपायाला मुंग्या, जीभ लाल होऊन झोंबणं, जिना चढताना थकवा यांपैकी काही सोबत असेल तर तपासणी लांबवू नका. दाढीचा रंग तिथे दुय्यम असतो, नसांचं नुकसान वाचवणं महत्त्वाचं. डोस आणि इंजेक्शन डॉक्टर ठरवतील. कमतरता भरून निघाली तर काही जणांत नवे केस काळे येतात. बाहेर आलेला पांढरा केस मात्र औषधाने किंवा कांद्याच्या रसाने काळा होत नाही, तो दांडा मेलेलाच असतो.

दोन खुणा दिसल्या तर त्वचारोगतज्ज्ञाकडेच जा. पहिली: पांढऱ्या केसांखालची कातडीही पांढरी आहे. हे कोड असू शकतं आणि सुरुवातीला उपचारांना चांगला प्रतिसाद मिळतो. दुसरी: दाढीत रुपयाएवढा गोल, गुळगुळीत चट्टा पडला आणि तिथे बारीक पांढरे केस उगवताहेत. ही चाई. चाईतून परतणारा केस आधी पांढराच येतो आणि बहुधा नंतर काळा होतो, म्हणून त्यावर घाईने कलप लावू नये. धुळ्याचं श्री भाऊसाहेब हिरे शासकीय वैद्यकीय महाविद्यालय आणि जळगाव, नंदुरबारची शासकीय वैद्यकीय महाविद्यालयं यांच्या ओपीडीत हे दाखवता येतं.

उपटू नका, कापा

एक उपटला की चार येतात, हे खरं नाही. एका मुळातून दुसऱ्या मुळाचा केस येत नाही. पण उपटण्याचं नुकसान वेगळंच आहे. दाढीचा केस जाड आणि मूळ खोल असतं. ओढल्यावर मूळ सुजतं, पू होतो, आणि नवा केस वाकडा वाढून कातडीतच रुततो. हनुवटीखालचे काळे, दुखरे पुटकुळे बऱ्याचदा यातूनच झालेले असतात. नाकातला केस उपटणं तर टाळाच, तिथला संसर्ग धोक्याचा असतो. चारच पांढरे केस असतील तर टोक बोथट असलेली छोटी कात्री घ्या, आरशासमोर उजेडात बसा आणि केस कातडीलगत कापा. दर आठ-दहा दिवसांनी पाच मिनिटांचं काम.

पांढरे केस पाव भागाच्या आसपास असतील तर नुसत्या ट्रिमरने बराच फरक पडतो. लांब पांढरा केस उजेड पकडतो, आखूड केस कातडीच्या रंगात मिसळतो. गालांवर ५ मिलिमीटर ठेवत असाल तर हनुवटीच्या पांढऱ्या भागावर ३ ठेवा. मधली सीमा ४ च्या कंगव्याने पुसून घ्या, नाहीतर पायरी दिसते. डोक्याला कलप आणि कल्ले पांढरे असतील तर कल्ले कानाच्या मध्यापर्यंत उतरत्या मापात आणायला सांगा.

मेहंदी आणि नीळ: खान्देशच्या उन्हातलं गणित

चेहऱ्यासाठी रंग लावायचाच असेल तर पहिली पसंती शुद्ध मेहंदी आणि नीळ या जोडीला द्यावी, असं आमचं स्पष्ट मत आहे. वेळ लागतो, पसारा होतो, पण त्वचेला त्रास होण्याची शक्यता रासायनिक कलपापेक्षा बरीच कमी. नीळ म्हणजे कपड्यांची नीळ नव्हे. नीळीच्या झाडाच्या पानांची हिरवी पावडर, इंडिगो पावडर म्हणून मिळते.

आधी पावडर ओळखा. शुद्ध मेहंदी हिरवट-खाकी असते आणि वाळल्या चाऱ्यासारखा वास येतो. नीळ हिरवी असते आणि ओल्या वाटाण्यासारखा वास येतो. 'काळी मेहंदी' नावाची कोणतीच वनस्पती नाही. पावडर काळपट-तपकिरी असेल आणि पाकिटावर १५-२० मिनिटांत काळे केस असा दावा असेल, तर तिच्यात पीपीडी हे रासायनिक कलपातलं द्रव्य मिसळलेलं आहे असंच समजा. एकट्या मेहंदीने दाढी केशरी होते. तिच्या रंगद्रव्यातून काळा रंग येत नाही.

एक इंचापर्यंतच्या दाढीला २० ग्रॅम मेहंदी पुरते. ती बारीक चाळा, नाहीतर धुताना कचरा दाढीत अडकून बसतो. एक चमचा लिंबाचा रस घाला आणि कोमट पाणी थोडं थोडं घालत घट्ट दह्याएवढं सरसरीत करा. साधारण ७० ते ८० मिलिलिटर लागतं. पाणी फिल्टरचं घ्या. बोअरच्या जड पाण्यातले क्षार रंग मंद करतात.

आता भिजवण्याचा वेळ. जवळजवळ सगळीकडे 'रात्रभर भिजवा' असं लिहिलेलं असतं. ते थंड हवेचं माप आहे. खोलीत २२-२४ अंश असेल तर मेहंदीला ८ ते १२ तास लागतात. एप्रिल-मेमध्ये जळगाव-भुसावळकडे बाहेर ४४ अंश असतात तेव्हा घरातही ३५ च्या वर जातं, आणि तेवढ्या उष्णतेत ती दोनेक तासांत तयार होते. रात्रभर ठेवली तर सुटलेला रंग सकाळपर्यंत मरून जातो. 'मेहंदी चढलीच नाही' ही उन्हाळ्यातली तक्रार पुष्कळदा यामुळेच असते. घड्याळापेक्षा वाटीत बघा: वरचा पापुद्रा तपकिरी झाला, चमच्याने बाजूला सारल्यावर खाली हिरवं राहिलं आणि कडेला केशरी पाणी सुटलं, की लगेच लावायला घ्या.

दाढी शाम्पूने धुऊन पूर्ण वाळवा. तेलाचा अंश राहिला तर त्या जागी रंग धरत नाही आणि ठिपके पडतात. गाल, मान, कान, ओठांची कड यांवर पेट्रोलियम जेलीचा पातळ थर द्या. जेली केसांना लागू देऊ नका. हातमोजे घालून जुन्या टूथब्रशने आधी केसांच्या उलट्या दिशेने लावा, म्हणजे मुळापर्यंत जाते, मग सुलट्या दिशेने. सर्वांत पांढऱ्या जागी थर जाड द्या. दीड ते दोन तास ठेवा. उन्हाच्या झळांनी लेप अर्ध्या तासात कडक होतो, आणि वाळलेली मेहंदी रंग सोडायची थांबते. म्हणून वरून प्लॅस्टिकचा पातळ कागद किंवा ओला कपडा गुंडाळा आणि पंख्याखाली बसू नका. नंतर नुसत्या पाण्याने धुवा. लिंबाचा अंश अजिबात राहू देऊ नका.

नीळ लावायच्या १५ मिनिटं आधीच भिजवायची. २० ते २५ ग्रॅम नीळ, चिमूटभर मीठ, कोमट पाणी. लिंबू, दही, चहा यात चालत नाही, आंबटाने नीळ बसत नाही. दहा मिनिटांत वर निळसर साय येते, तीच तयार झाल्याची खूण. अर्ध्या-पाऊण तासाच्या आत लावून टाका, उरलेली नंतर काम करत नाही. ४५ ते ६० मिनिटं ठेवून साध्या पाण्याने धुवा.

धुतल्यावर दाढी हिरवट-निळी दिसते. घाबरून शाम्पू लावू नका, तीच चूक रंग घालवते. नीळ हवेतल्या ऑक्सिजनने गडद होत जाते आणि खरा रंग एक-दोन दिवसांनी दिसतो. ४८ तास शाम्पू-साबण नको. काळ्याऐवजी तपकिरी हवी असेल तर तयार मेहंदीत आयत्या वेळी तेवढीच नीळ मिसळून एकदाच दीड तास लावा. नीळ दुप्पट घेतली तर गडद तपकिरी. दोन दिवसांनीही हिरवट झाक राहिली तर मेहंदी कमी पडली आहे. मुळाशी केशरी दिसत असेल तर नीळ कमी पडली. पुन्हा फक्त तोच टप्पा करा.

लोखंडी कढईत मेहंदी किंवा आवळा भिजवला की काळपट रंग येतो, त्यामागे लोखंड आणि वनस्पतीतलं टॅनिन यांची शाई होणं आहे. तो वरचा डाग. मुळाला त्याचा उपयोग नाही. अशी मेहंदी लावलेल्या दाढीवर लगेच रासायनिक कलप लावू नका. धातूच्या अंशामुळे कलपातलं पेरॉक्साइड तापतं आणि केस खराब होतात. कापलेल्या चार केसांवर आधी लावून बघा.

ज्यांच्या रक्तात जी-सिक्स-पीडी हे एन्झाइम कमी असल्याचं निदान झालं आहे, त्यांनी मेहंदी अजिबात लावू नये. तांबड्या पेशी फुटून कावीळ होऊ शकते.

रासायनिक कलप लावणार असाल तर

काळ्या आणि गडद तपकिरी कलपांत बहुधा पीपीडी असतं, पूर्ण नाव पॅराफेनिलिनडायमिन. 'अमोनिया नाही' म्हणजे 'पीपीडी नाही' असं नव्हे. घटकांची यादी वाचा. चेहऱ्याची कातडी टाळूपेक्षा नाजूक, ट्रिमर-वस्तऱ्याने खरवडलेली आणि डोळ्यांच्या जवळ. म्हणून डोक्याला वर्षानुवर्षं चाललेला कलप दाढीला चालेलच असं नाही. ॲलर्जी दहाव्या वेळेलाही सुरू होऊ शकते. एकदा सुरू झाली की आयुष्यभर राहते.

त्यामुळे दर वेळी चाचणी. रंग आणि डेव्हलपर (सोबतचं पेरॉक्साइडचं द्रावण) पाकिटावरच्या प्रमाणातच थोडासा मिसळा, कोपराच्या आतल्या बाजूला किंवा कानामागे रुपयापेक्षा लहान ठिपका लावा, वाळू द्या आणि ४८ तास लक्ष ठेवा. खाज, लाली, पुरळ, सूज यांपैकी काहीही आलं तर तो कलप टाकून द्या. लग्नाच्या आदल्या दिवशी पहिल्यांदा कलप लावणं हा सर्वांत वाईट बेत. आखाजीच्या (अक्षय्य तृतीयेच्या) आसपास लग्न असेल तर आठवडाभर आधी चाचणी आणि दोन-तीन दिवस आधी रंग, म्हणजे कातडीवरचे डागही तोवर उतरतात.

छटा डोक्याच्या केसांपेक्षा एक पायरी फिकी घ्या. काळाभोर कलप चेहऱ्यावर रंगवल्यासारखा दिसतो, गडद तपकिरी नैसर्गिक वाटतो. वस्तरा फिरवलेल्या दिवशी, किंवा पुटकुळी-जखम असताना लावू नका. एका दाढीला १० ते १५ ग्रॅम मिश्रण पुरे, तेही काचेच्या किंवा प्लॅस्टिकच्या वाटीत. केसांवर ब्रशने हलकं लावा, कातडीत चोळू नका. हनुवटी आणि मिशी आधी, गाल शेवटी, कारण जाड पांढरा केस रंग धरायला वेळ घेतो. पाकिटावरच्या वेळेपेक्षा एक मिनिटही जास्त नको. पाणी स्वच्छ येईपर्यंत धुवा. कातडीवर डाग पडला तर लगेच खोबरेल तेलाच्या बोळ्याने पुसा. लिंबाने घासलं तर कातडी सोलते आणि डाग राहतोच. पुढच्या वेळी तीन-चार आठवड्यांनी, फक्त मुळांना. दाढी महिन्याला सुमारे एक सेंटिमीटर वाढते, तेवढ्याच पट्ट्याला रंग लागतो.

सलूनमध्ये लावून घेत असाल तर पाकीट तुमच्यासमोर फोडायला सांगा. सकाळची उरलेली वाटी नको.

दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी गाल-मान खाजून पाणी सुटणं, सकाळी पापण्या सुजलेल्या असणं ही ॲलर्जीची नेहमीची चाल. दाढी भरपूर पाण्याने धुवा आणि त्वचेच्या डॉक्टरांकडे पाकीट घेऊन जा. ओठ-जीभ सुजली, आवाज घोगरा झाला, श्वास अडकू लागला तर वाट न बघता १०८ ला फोन करा. दुसरा प्रकार गुपचूप येतो: ना खाज ना पुरळ, पण महिन्यामहिन्याने गाल आणि कपाळाच्या कडेला करडे-काळे डाग चढत जातात. लोक ते उन्हाचे समजून कलप चालूच ठेवतात. कलप बंद केल्याशिवाय हे डाग हटत नाहीत. भुवया आणि पापण्यांना डोक्याचा कलप कधीही लावू नका, डोळ्याला कायमची इजा होऊ शकते.

पांढरीच ठेवायची असेल तर

हा मार्ग चांगला आहे, पण पांढऱ्या दाढीला निगा लागते. मेलॅनिन नसल्याने उन्हाचा मारा थेट बसतो. ऊन, बिडीचा धूर, बोअरच्या पाण्यातलं लोह आणि हळदीचा रस्सा यांनी ती पिवळी पडते. अंगाचा साबण लावू नका. जड पाण्यात साबण फाटतो आणि त्याचा चिकट थर केसांवर बसून दाढी काथ्यासारखी होते. आठवड्यातून दोन-तीनदा सौम्य शाम्पू, शेवटचा तांब्या फिल्टरच्या पाण्याचा. पिवळेपणा आला असेल तर जांभळा शाम्पू आठवड्यातून एकदा, दोन-तीन मिनिटं; जास्त ठेवला तर दाढीला जांभळी झाक येते. ओलसर दाढीला तीन-चार थेंब खोबरेल किंवा तिळाचं तेल. मोटारसायकलवर दुपारी निघताना सुती रुमाल तोंडाला बांधा. कलप लावलेल्यांनीही, कारण उन्हाने तोही लालसर होतो.

बायकांच्या हनुवटीवर पाळी थांबण्याच्या सुमारास जाड केस येतात, तेही पुढे पांढरे होतात. लेझर मेलॅनिनवरच काम करतो, त्यामुळे पांढऱ्या केसांना तो लागू पडत नाही. लेझर करायचा असेल तर केस काळे असतानाच करा. पांढऱ्यांसाठी थ्रेडिंग, कात्री किंवा इलेक्ट्रोलिसिस (बारीक सुईतून वीज देऊन मूळ नष्ट करणं). कमी वयात असे केस वाढले आणि पाळी अनियमित असेल तर हार्मोन्सची तपासणी आधी.

घरात कलप आणल्यावर तो कुलपात ठेवा. पीपीडी पोटात गेलं तर काही तासांत मान आणि घसा सुजून श्वास बंद पडतो, स्नायू आणि मूत्रपिंडं निकामी होतात, आणि त्यावर खास उतारा नाही. लहान मुलांच्या हाती लागेल अशा मोरीच्या कट्ट्यावर बाटली किंवा उरलेली वाटी ठेवू नका. मिसळलेला उरलेला कलप बाटलीत परत भरू नका, तो वायू धरून फुटतो. त्यात भरपूर पाणी घालून लगेच मोरीत सोडा आणि वाटी-ब्रश स्वयंपाकघरापासून वेगळे ठेवा.